लिहिता न येणारा संगीतकार

भाकऱ्या थापून झाल्या असतील, गुरांपुढे वैरण पडली असेल, तर जरा टेका. आज आम्ही तुम्हाला एका माणसाची गोष्ट सांगणार आहोत. माणूस परक्या देशातला, पण तुमच्या ओळखीचा आहे. नाकाखाली टिचभर मिशी, डोक्यावर गोल टोपी, अंगात तोकडा कोट, खाली ढगळ पँट, हातात काठी आणि फेंगडी चाल. ओळखलंत ना? चार्ली चॅप्लिन. शाळेच्या गॅदरिंगमध्ये एक तरी पोरगं कोळशाची मिशी काढून त्याची नक्कल करतं. आपल्या राज कपूरने त्याच्याच वळणाचा फाटका, भोळा माणूस पडद्यावर आणला.

पण आज त्याच्या हसवण्याबद्दल बोलायचं नाही. आज बोलायचं आहे त्याच्या संगीताबद्दल. आपल्या सिनेमांचं संगीत तो स्वतः करायचा, हे फार जणींना माहीत नसेल. आम्हालाही नव्हतं. सिनेमाच्या जगातलं सगळ्यात मोठं बक्षीस म्हणजे ऑस्कर. चार्लीला सन्मान म्हणून ते दोनदा दिलं गेलं. पण इतरांशी स्पर्धेत जिंकलेलं ऑस्कर त्याच्या आयुष्यात एकच. ते अभिनयाचं नव्हतं, दिग्दर्शनाचंही नव्हतं. ते संगीताचं होतं. आणि गंमत अशी की या संगीतकाराला स्वरलिपी लिहिता येत नव्हती, वाचताही येत नव्हती.

हा विषय आम्ही का घेतला, तेही सांगतो. आमच्या हातून झालेल्या एका चुकीमुळे घेतला.

गेल्या श्रावणात आम्ही जात्यावरच्या ओव्यांचा कार्यक्रम केला होता. एका वाडीवर जाऊन सत्तरी उलटलेल्या एका आजींच्या ओव्या आम्ही रेकॉर्ड करून आणल्या. कार्यक्रमात सांगितलं, ‘या होत्या आपल्या भागातल्या पारंपरिक ओव्या.’ झालं. आठवड्याने आजी नातवाच्या गाडीवर मागे बसून केंद्रावर आल्या. पाणी प्यायल्या आणि म्हणाल्या, ‘पहिल्या ओव्या माझ्या सासूच्या, त्या तुम्ही कुणाच्याबी म्हणा. पण शेवटच्या चार माझ्या हायेत. माझा ल्योक गेला तवा मी जुळवल्या. मला लिवता येत न्हाई म्हणून त्या कुणाच्याच न्हाईत व्हय?’

आम्ही एकमेकींच्या तोंडाकडे बघत राहिलो. हा प्रश्न आमच्या डोक्यातून जाईना. ज्याला लिहिता येत नाही, त्याने रचलेलं कुणाचं? आणि जो लिहून घेतो, त्याचा त्यात वाटा किती? याच प्रश्नाच्या मागे जाता जाता आम्ही चार्लीपाशी येऊन पोचलो.

चार्लीचा जन्म १६ एप्रिल १८८९ चा. गाव लंडन, इंग्लंडची राजधानी. पण राजवाड्याचं लंडन नव्हे, कष्टकऱ्यांच्या दाटीचं, नदीच्या दक्षिणेकडचं लंडन. आई हॅना आणि वडील चार्ल्स, दोघंही ‘म्युझिक हॉल’मध्ये गाणारे. म्युझिक हॉल म्हणजे तिथल्या साध्या लोकांच्या करमणुकीची जागा. गाणी, नकला, नाच, कसरती एकामागून एक चालायच्या. आवडलं तर टाळ्या, नाही आवडलं तर आरडाओरडा. वडिलांना दारूचं व्यसन लागलं. ते घरापासून वेगळे झाले आणि १९०१ साली, वयाच्या अडतिसाव्या वर्षी गेले. त्याआधीच घराचा सगळा भार एकट्या हॅनावर होता. पदरात दोन मुलं, थोरला सिडनी आणि धाकटा चार्ली.

हॅनाचा गळा गोड होता, पण नाजूक. गाता गाता आवाज बसायचा. म्हाताऱ्या वयात चार्लीने आत्मचरित्र लिहिलं, त्यात त्याने एक रात्र सांगितली आहे. साल १८९४. ऑल्डरशॉट नावाच्या लष्करी छावणीच्या गावात हॅनाचं गाणं होतं. समोर सगळे शिपाई. गाता गाता तिचा आवाज फाटला, नुसती कुजबुज उरली. लोक हसू लागले, चिडवू लागले. ती आत निघून आली. थिएटरच्या व्यवस्थापकाला काही सुचेना. त्याने पाच वर्षांच्या चार्लीला हाताला धरून रंगमंचावर नेलं आणि आईच्या जागी उभं केलं. पोराने गाणं सुरू केलं. लोकांनी नाणी फेकली. पोराने गाणं मध्येच थांबवलं आणि सांगितलं, आधी पैसे गोळा करतो, मग गातो. हशा पिकला. मग त्याने आईचंच एक गाणं म्हटलं, आणि भाबडेपणाने तिचा फाटलेला आवाजही जसाच्या तसा काढला. लोक पुन्हा हसले, पुन्हा टाळ्या.

मैत्रिणींनो, इथे थांबून विचार करा. आई आत उभी आहे. तिचा मोडलेला आवाज तिच्याच लेकराच्या तोंडून बाहेर येतो आहे, आणि लोक टाळ्या वाजवताहेत. त्या रात्रीनंतर तिचा आवाज परत आला नाही. आईचं गाणं संपलं आणि लेकाचं सुरू झालं.

मग हॅनाने काय केलं? आपल्यातल्या कितीतरी जणी करतात तेच केलं. शिवणकाम. कापलेले ब्लाउज घरी यायचे, ते शिवून द्यायचे. मजुरी एका ब्लाउजला दीड पेनी. बारा ब्लाउज शिवायला बारा तास लागायचे. चार्ली लिहितो की एका आठवड्यात आईने जास्तीत जास्त चोपन्न ब्लाउज शिवले, आणि त्याचे तिला सहा शिलिंग नऊ पेनी मिळाले. तुमच्यापैकी ज्या नगावर शिवणकाम करतात, त्यांना हा हिशेब वेगळा समजावून सांगायला नको. चोपन्न गुणिले दीड म्हणजे एक्याऐंशी पेनी. बारा पेनीचा एक शिलिंग. हिशेब चोख जुळतो. सत्तर वर्षांनंतरही, जगातला नावाजलेला श्रीमंत माणूस झाल्यावरही, त्याला आईची मजुरी पेनीसकट पाठ होती. पुढे हॅनाच्या डोक्यात कळा येऊ लागल्या, हप्ते थकले, आणि शिलाई मशीन उचलून नेलं.

१८९६ साली तिघंही ‘वर्कहाऊस’मध्ये गेले. वर्कहाऊस म्हणजे सरकारी गरीबखाना. दोन वेळचं अन्न मिळायचं, पण आई बायकांच्या भागात आणि मुलं मुलांच्या भागात. अंगावरचे कपडे काढून तिथले घालायचे. चार्ली तेव्हा सात वर्षांचा होता. तिथून दोघा भावांना हॅनवेल नावाच्या गावी अनाथ, गरीब मुलांच्या शाळेत पाठवलं. १८९८ साली हॅनाला वेड्यांच्या इस्पितळात ठेवावं लागलं. त्यानंतरही तिचं जाणं-येणं चालू राहिलं.

पण याच आईने मुलाला खरी विद्या दिली. घरात खायला नसलं तरी ती खिडकीशी बसायची आणि रस्त्याने जाणाऱ्या माणसांच्या हुबेहूब नकला करून दाखवायची. कोण भांडून आलाय, कुणाचा बूट चावतोय, हे ती नुसत्या चालीवरून ओळखायची. माणूस कसा बघायचा हे मी आईकडून शिकलो, असं चार्ली नेहमी सांगायचा.

आणि संगीत? ते तो कुठे शिकला? लहानपणी लंडनच्या एका चौकात, रात्रीच्या वेळी, त्याने हार्मोनियम आणि क्लॅरिनेट वाजताना ऐकलं. हार्मोनियम म्हणजे आपली पेटीच. संगीत म्हणजे काय हे आपल्याला तिथे पहिल्यांदा उमगलं, असं तो लिहितो. नऊ-दहा वर्षांचा असताना तो लाकडी बुटांचा नाच करणाऱ्या मुलांच्या एका ताफ्यात लागला. पायांत ताल तिथे बसला. सोळाव्या वर्षापासून त्याने व्हायोलिन आणि चेलो ही वाद्यं धरली. चेलो म्हणजे गुडघ्यांत धरून वाजवायचं मोठं व्हायोलिन समजा. तो डावखुरा होता, म्हणून त्याच्या व्हायोलिनच्या तारा उलट्या बाजूने लावून घेतलेल्या होत्या. नाटक कंपनीबरोबर गावोगाव फिरताना मुक्कामाच्या खोलीत तो रोज चार-चार, सहा-सहा तास सराव करायचा. आठवड्याला शिकवणीही घ्यायचा. पण पुढे त्यालाच कळलं की मोठा वादक होण्याइतकं आपलं जमणार नाही. कानाने ऐकून वाजवायचं, मनाने चाल रचायची, एवढंच हाती राहिलं. स्वरलिपी काही आली नाही.

१९०८ साली तो फ्रेड कार्नो यांच्या विनोदी नाटकांच्या कंपनीत लागला. त्या कंपनीबरोबर अमेरिकेला गेला आणि १९१४ साली पडद्यावर आला. टोपी, काठी, मिशीवाला तो भटक्या त्याच वर्षी जन्मला. दोन वर्षांत जग त्याला ओळखू लागलं. पण संगीताची हौस जाईना. १९१६ साली त्याने मित्राबरोबर स्वतःची गाणी छापणारी कंपनी काढली. तोच हसत सांगतो की दोन हजार प्रती छापल्या आणि विकल्या गेल्या तीन! कंपनी बंद झाली. मैत्रिणींनो, बचत गटाचा पहिला माल पडून राहिला म्हणून ज्या खट्टू होतात, त्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा.

तेव्हाचे सिनेमे मुके होते. मुके म्हणजे पडदा मुका. थिएटरात शांतता नसायची. पडद्याच्या शेजारी बसून कुणी तरी वाजवत असायचं. आपल्याकडे पेटी-तबला असायचा, तिकडे पियानो, मोठ्या थिएटरात अख्खा वाद्यवृंद. पण कुठल्या गावात कोण काय वाजवेल याला धरबंध नव्हता. रडण्याच्या प्रसंगात कुणी नाचाची चाल वाजवली तर सगळा विचका. चार्लीला याचा त्रास व्हायचा.

मग १९२७ साली बोलपट आला. आवाज फिल्मवरच उमटवायची सोय झाली. सगळे नट पडद्यावर बोलू लागले. चार्ली अडून बसला. माझा भटक्या बोलणार नाही, म्हणाला. त्याला भीती होती की भटक्या इंग्रजी बोलला तर तो फक्त इंग्रजी कळणाऱ्यांचा उरेल. आज तो चीनमधल्या, भारतातल्या, आफ्रिकेतल्या माणसालाही आपला वाटतो, कारण तो गप्प आहे. पण या नव्या सोयीतली एक गोष्ट त्याने आनंदाने उचलली. आता संगीत फिल्मला कायमचं जोडता येणार होतं. लंडनला वाजेल तेच कोल्हापूरला वाजेल. मग ते दुसऱ्याच्या हाती कशाला द्यायचं?

१९३१ च्या जानेवारीत त्याचा ‘सिटी लाइट्स’ हा सिनेमा लागला. त्याच वर्षी मार्चमध्ये मुंबईला ‘आलम आरा’ हा आपला पहिला बोलपट आला. सगळं जग बोलू लागलं तेव्हा चार्लीने मुका सिनेमा काढला, पण संगीतासह. लेखक तो, दिग्दर्शक तो, नट तो आणि संगीतकारही तोच. फुलं विकणारी एक आंधळी मुलगी आणि तिच्या डोळ्यांच्या इलाजासाठी पैसे जमवणारा भटक्या, अशी ती गोष्ट.

आता हे संगीत केलं कसं, ते ऐका. चार्ली गुणगुणायचा. कधी पियानोवर दोन-चार बोटांनी चाल काढून दाखवायचा. शेजारी आर्थर जॉन्स्टन नावाचे जाणकार बसलेले असायचे. ते ती चाल स्वरलिपीत उतरवायचे. मग कुठलं वाद्य कुठे वाजवायचं ते ठरायचं. शेवटी आल्फ्रेड न्यूमन यांनी वाद्यवृंदाकडून ते वाजवून घेतलं. सिनेमा पुन्हा पुन्हा लावून बघायचा, पाऊल कुठे पडतं, मान कुठे वळते, तिथे सूर बरोबर पडला पाहिजे. हे फार चिकाटीचं काम. गोधडीला टाके घालण्यासारखं, एक टाका चुकला तर उसवायचा आणि पुन्हा घालायचा.

जाणकारांना वाटायचं, विनोदी सिनेमा आहे, तर संगीतही गमतीदार हवं. चार्ली नाही म्हणायचा. माझ्या विनोदाशी संगीताने स्पर्धा करू नये, ते सुंदर आणि हळवं असावं, म्हणजे हसताना माणसाच्या पोटात तुटेल. फाटक्या माणसाच्या मागे राजेशाही चाल. हे त्याला कुठल्या पुस्तकाने शिकवलं नव्हतं. भुकेल्या घरात खिडकीशी बसून नकला करणाऱ्या बाईच्या मुलाला ते आपोआप कळत होतं.

आमच्या आजींच्या प्रश्नाचा पहिला भाग इथे सुटतो. लिहिता न येणं म्हणजे रचता न येणं नव्हे. चाल चार्लीची होती. पण गोष्ट इथे संपत नाही. तेव्हा पत्रकारांनी संगीताबद्दल विचारलं, तर चार्लीने सांगितलं की मी नुसतं गुणगुणलो, लिहिलं ते जॉन्स्टन यांनी, त्यांनाही श्रेय द्या. ‘सिटी लाइट्स’च्या सुरुवातीच्या पाट्यांवर जॉन्स्टन आणि न्यूमन यांची नावं आहेत. पण एक नाव तिथे नव्हतं. फूलवालीच्या प्रसंगांत जी गोड चाल पुन्हा पुन्हा येते, ती चार्लीची नाहीच. ती होसे पादिया या स्पॅनिश संगीतकाराची, ‘ला व्हायोलेतेरा’ या गाण्याची. जांभळी फुलं विकणाऱ्या मुलीचंच ते गाणं. पादिया यांनी पॅरिसच्या कोर्टात दावा लावला आणि ते जिंकले. इतका मोठा माणूस, तोही चुकला. जी चूक आम्ही आजींशी केली, तीच. दुसऱ्याचं घेतलं आणि नाव सांगितलं नाही.

त्याच वर्षी, सप्टेंबर १९३१ मध्ये, चार्ली लंडनला आला होता आणि गोलमेज परिषदेसाठी आपले गांधीजीही तिथे होते. लंडनच्या पूर्वेकडच्या गरीब वस्तीत, एका छोट्या घरात दोघांची भेट झाली. सरोजिनी नायडूही तिथे होत्या. बाहेर रस्त्यावर ही गर्दी. चार्लीने विचारलं, तुम्ही यंत्रांच्या विरोधात का? गांधीजींनी सांगितलं की यंत्रांमुळे भारत इंग्लंडवर अवलंबून राहिला आहे, म्हणून आपलं सूत आपण कातायचं, आपलं कापड आपण विणायचं. ज्याच्या आईचं शिलाई मशीन हप्त्यापायी गेलं, त्याला यंत्र आणि पोट यांचं नातं नवीन नव्हतं.

पाच वर्षांनी, १९३६ साली, त्याचा ‘मॉडर्न टाइम्स’ आला. कारखान्याच्या पट्ट्यावर नट आवळता आवळता वेडा होणारा कामगार त्यात आहे. या वेळी चाली लिहून घ्यायला डेव्हिड रॅक्सिन नावाचा तेवीस वर्षांचा तरुण आला. हा तरुण ‘हो जी’ म्हणणारा नव्हता. इथे हे बरं दिसणार नाही, तिथे चाल बदला, असं तो तोंडावर सांगायचा. दीड आठवड्यात चार्लीने त्याला कामावरून काढलं. मग न्यूमन यांनी त्याचं काम पाहिलं आणि सांगितलं की हा पोरगा गमावू नका. रॅक्सिन परत आला, पण अट घालून. मला खरं ते बोलू द्यायचं असेल तरच येतो. चार्लीने मानलं. मग दोघांनी काही महिने खपून ते संगीत पुरं केलं. रॅक्सिन पुढे स्वतः मोठा संगीतकार झाला. जन्मभर त्याने एकच गोष्ट सांगितली. चार्लीला काही येत नव्हतं आणि सगळं दुसऱ्यांनी केलं, हे खोटं. आणि सगळं चार्लीने एकट्याने केलं, हेही खोटं.

याच सिनेमात जगाने पडद्यावर चार्लीचा आवाज पहिल्यांदा ऐकला. भटक्याला हॉटेलात गाणं म्हणायचं असतं. शब्द पाठ होत नाहीत, म्हणून ते शर्टाच्या बाहीच्या कडेवर लिहून घेतलेले असतात. नाचता नाचता त्या बाह्या उडून जातात. मग तो कुठल्याच भाषेत नसलेले शब्द गातो, आणि लोक खूश होतात. बघा हं, लिहिलेलं हरवलं तरी गाणं थांबलं नाही. ऑल्डरशॉटला आईचा आवाज गेला होता, तेव्हाही थांबलं नव्हतं.

त्या सिनेमातल्या एका संथ चालीला पुढे १९५४ साली दोघा कवींनी शब्द दिले. ‘स्माइल’ म्हणजे ‘हस’ या नावाने ते गाणं नॅट किंग कोल यांनी गायलं आणि ते जगभर गेलं. आजही गायलं जातं.

१९५२ साली ‘लाइमलाइट’ आला. ही गोष्ट जुन्या लंडनच्या म्युझिक हॉलमधली. लोक ज्याला आता हसत नाहीत असा एक म्हातारा नट, आणि पाय गेले असं वाटणारी एक तरुण नर्तकी. म्हातारा तिला उभं करतो. प्रेक्षकांनी पाठ फिरवलेल्या कलावंताचं दुःख चार्लीने पाचव्या वर्षीच पाहिलं होतं, पडद्यामागे उभ्या असलेल्या आईच्या चेहऱ्यावर. या सिनेमाचं संगीत त्याने मन लावून केलं, त्यात नाचासाठी एक लांब रचनाही केली. सिनेमा दाखवायला तो जहाजाने लंडनला निघाला, आणि वाटेतच अमेरिकेच्या सरकारने त्याची परत यायची परवानगी काढून घेतली. तो कम्युनिस्ट आहे असा संशय होता. चार्ली परत गेला नाही. स्वित्झर्लंडमध्ये घर केलं. अमेरिकेत त्याच्याविरुद्ध इतकी ओरड झाली की लॉस एंजेलिसला तो सिनेमा नीट लागलाच नाही.

नियम असा होता की लॉस एंजेलिसच्या थिएटरात ठरावीक दिवस चाललेला सिनेमाच ऑस्करला धरायचा. ‘लाइमलाइट’ तिथे लागला तो थेट १९७२ साली, वीस वर्षांनी. आणि १९७३ साली त्याच्या संगीताला ऑस्कर मिळालं. चार्ली तेव्हा चौऱ्याऐंशीच्या घरात होता. बक्षीस एकट्याचं नव्हतं. त्यावर तीन नावं होती, चार्ल्स चॅप्लिन, रेमंड रॅश आणि लॅरी रसेल. सूर लिहून घेणाऱ्यांचीही नावं शेवटी बरोबरीने आली. रॅश मात्र तोवर हयात नव्हते.

आता एक कडू गोष्टही सांगायला हवी. गुण गायचे आणि अवगुण झाकायचे, हे आपल्या गटात चालत नाही. चार्लीच्या पहिल्या दोन बायका लग्नाच्या वेळी सोळा वर्षांच्या होत्या. दुसऱ्या लग्नाच्या वेळी तो पस्तिशीचा होता. दोन्ही संसार मोडले. ज्याला फूलवालीचं दुःख सुरांत मांडता आलं, त्याला घरातल्या कोवळ्या पोरींचं दुःख दिसलं नाही. मोठा कलावंत म्हणजे सगळ्या बाजूंनी मोठा माणूस असं समजायचं कारण नाही. मुलींच्या लग्नाच्या वयाबद्दल आपण जे बोलतो, ते त्यालाही लागू आहे.

म्हातारपणी त्याने काय केलं, तर आपल्या जुन्या मुक्या सिनेमांना एकेक करून संगीत दिलं. या कामात एरिक जेम्स नावाचे पियानोवादक बरीच वर्षं त्याच्याबरोबर होते. ‘द सर्कस’ या १९२८ च्या सिनेमाला नवं संगीत देताना सुरुवातीचं गाणं ऐंशीच्या उंबरठ्यावरच्या चार्लीने स्वतःच गायलं. आवाज थकलेला आहे, पण गाणं त्याचंच आहे. १९७६ साली ‘अ वुमन ऑफ पॅरिस’ या सिनेमाचं संगीत झालं. ते त्याचं शेवटचं काम. २५ डिसेंबर १९७७ ला तो गेला. अभिनय आधी थांबला, दिग्दर्शनही थांबलं. सूर शेवटपर्यंत राहिले.

आणि हॅना? १९२१ साली मुलांनी तिला अमेरिकेला नेलं. समुद्राजवळच्या घरात, सांभाळणाऱ्या बाया ठेवून, तिचे शेवटचे दिवस बरे गेले. ती १९२८ साली वारली. लेकाने केलेलं ‘सिटी लाइट्स’चं संगीत तीन वर्षांनी आलं. तिने ते ऐकलं नाही. कुठल्याही सिनेमाच्या पाटीवर तिचं नाव नाही. पण चार्लीच्या आत्मचरित्राची सुरुवातीची पानं वाचलीत, तर श्रेय कुणाचं हे सांगावं लागत नाही.

आता आमच्या आजींकडे परत येऊ. चार्लीची गोष्ट आम्ही त्यांना घरी जाऊन सांगितली. त्या ऐकून म्हणाल्या, ‘म्हंजे त्याला लिवून घेणारे मिळाले. आम्हाला कोण मिळालं?’

मैत्रिणींनो, हे खरं आहे. चार्ली आणि आपल्या आजी यांच्यात गुणांचा फरक किती हे आम्ही सांगू शकत नाही. पण एक फरक उघड दिसतो. त्याच्या शेजारी लिहून घेणारा माणूस बसला होता. तो नसता तर त्या चाली त्याच्याबरोबर गेल्या असत्या. जशा आपल्या घराघरांतल्या सासवा, आज्या, आत्या गेल्या, त्यांच्या ओव्या घेऊन.

म्हणून आम्ही तीन गोष्टी ठरवल्या आहेत. एक, यापुढे रेडिओवर कुणाचंही गाणं लागलं की गाणारीचं नाव सांगायचं, आणि रचणारी वेगळी असेल तर तिचंही सांगायचं. सासूची ओवी असेल तर ‘सासूकडून ऐकलेली’ असं सांगायचं. पादिया यांना जे कोर्टात जाऊन मिळवावं लागलं, ते आपल्याकडे मागावंही लागू नये. दोन, लिहून घेणाऱ्या मुलीचं नावही वहीत टाकायचं. तिचं काम म्हणजे नुसती नक्कल नव्हे. तीन, लिहून घेताना तिला शंका आली तर तिने विचारायचं आणि सांगणारीने रागवायचं नाही. रॅक्सिन आणि चार्लीचं शेवटी तसंच जमलं.

तुम्हीही एक करा. गटाच्या पुढच्या बैठकीत हप्ते आणि कर्जाचा हिशेब झाला की दहा मिनिटं काढा. जिच्या तोंडी ओव्या आहेत तिला बोलवा. शाळेत जाणाऱ्या एखाद्या मुलीला वही घेऊन बसवा. मोबाइलमध्ये आवाजही धरून ठेवा. वहीच्या पानावर वर तारीख, मग नाव, मग गाव, आणि मग ओवी. नाव आधी.

आजींच्या त्या चार ओव्या आम्ही पुन्हा लावल्या, या वेळी त्यांच्या नावानिशी. हे भाषण मासिकात छापायचं ठरलं तेव्हा आम्ही त्यांना विचारलं, इथेही नाव टाकू का? त्या म्हणाल्या, ‘ओव्या छापाल तवा नाव छापा. तुमच्या चुकीसंगं माझं नाव कशाला?’ म्हणून इथे त्यांचं नाव नाही. रेडिओवर मात्र ते साऱ्या वाडीने ऐकलं. त्या दिवशी, नातू सांगत होता, आजींनी रेडिओ उंबऱ्यावर आणून ठेवला होता.